पंचावन्न डेसिबलच्या आत

ध्वनिप्रदूषणाचे २००० सालचे नियम रहिवासी भागात दिवसा ५५ आणि रात्री ४५ डेसिबलची मर्यादा घालतात. डीजेच्या भिंती उभ्या राहिल्या की पोलिसांना फोन करता येतो. माझी तक्रार मात्र या आकड्यांच्या पुष्कळ खालची. विसर्जनाचा ढोल-ताशा मी खिडकीत उभी राहून मजेत ऐकते. मला सोसत नाही तो बाबांचा चहा.

चहा बशीत ओतला जातो, फुंकरीने साय बाजूला सरते, ओठ काठाला लागतात. भुरका अजून यायचाच असतो, तोवर माझा जबडा आवळलेला, कानशिलं तापलेली. संताप येतो. ज्यांच्या खांद्यावर बसून जत्रा पाहिली त्यांचा, तेही चहा प्यायल्याबद्दल!

याला मिसोफोनिया म्हणतात. मार्गारेट आणि पावेल जास्त्रेबॉफ यांनी २००१ मध्ये हे नाव दिलं. घरी ‘तिरसट’वर काम भागत होतं. कानात दोष नाही, तपासणी चोख आली. न्यूकॅसल विद्यापीठातल्या सुखबिंदर कुमार यांच्या गटाला २०१७ मध्ये दिसलं, की असे आवाज ऐकताना या लोकांच्या मेंदूतला इन्सुला नावाचा भाग गरजेपेक्षा जास्त पेटतो. २०२१ मध्ये त्यांनीच दाखवलं, की ऐकण्याची केंद्रं आणि तोंड-जबडा हलवणारा भाग यांची जवळीकही इथे जास्त असते. हे मला फार पटलं. बाबांचा भुरका माझ्याच तोंडात घडतो, मला न विचारता. म्हणून असेल, पण त्यांच्याबरोबर मीही बशी तोंडाला लावून सुर्रकन ओढला, तर राग निम्म्यावर येतो. बाबांना वाटतं, आज चहा जमलाय.

त्यांचं तरी काय चुकतं? आपल्याकडे भुरका ही दाद आहे. कढीला पंगतीत आवाज आला नाही, तर वाढणारीला वाटतं मीठ चुकलं.

कानात बोळे घालून पाहिले. स्वतःचं चावणं डोक्यात घुमायला लागलं, पण त्याचा राग येईना. स्वतःला माफी असते. सध्या जेवताना पंखा पाचवर आणि टीव्हीवर बातम्या, अशी तडजोड आहे. आई विचारते, “ही एवढी आरडाओरड चालते, आणि बापाचा चहा चालत नाही?”

नाही चालत. टीव्हीवर ओरडणारा माझा कोणी लागत नाही.