पाचाच्या जागी सात

नाताळच्या सुट्टीत निपाणीला घरी गेले की माझ्यासाठी दोन कामं राखून ठेवलेली असतात. आईबरोबर नेवऱ्या भरायच्या आणि घरातला जुना कॉम्प्युटर ‘जरा बघायचा’. मी साहित्याची विद्यार्थिनी. पण मुलगी बेळगावात हॉस्टेलवर राहते, इंग्रजी वाचते, म्हणजे तिला कॉम्प्युटर येणारच, असा घरातल्यांचा समज आहे.

कॉम्प्युटर खरं तर दादाचा. डिप्लोमाला असताना त्यानं कोल्हापुरातून एकेक जुना पार्ट आणून तो जोडला होता. दुसऱ्या वर्षाला पप्पांचं हार्टचं ऑपरेशन झालं, तंबाखूच्या वखारीतली त्यांची नोकरी सुटली आणि दादा डिप्लोमा सोडून जहाजावर किचनमध्ये लागला. ही सप्टेंबर 2022ची गोष्ट. तेव्हापासून माझी फी तोच भरतो. मधे सुट्टीवर येऊन गेला, पण कॉम्प्युटर काही त्यानं लावला नाही. या सगळ्याबद्दल आम्ही दोघं कधी बोललो नाही. ‘पैसे आले का?’ ‘आले.’ बास.

2024च्या नाताळात माझा आठवीतला मावसभाऊ राहायला आला. त्याला दादाच्या कॉम्प्युटरवर ‘स्कायरिम’ खेळायचं होतं. गेम 2011चा, म्हणजे जवळजवळ त्याच्याच वयाचा. सुरू झाला, पण दर चार पावलांना अडकायला लागला.

‘ताई, बघ की गं जरा.’

या गेमच्या लाँचरमध्ये ग्राफिक्ससाठी लो, मीडियम, हाय, अल्ट्रा असे चार पर्याय असतात. लो निवडलं, तरी अडकणं थांबेना. मग मी फाइलींकडे वळले. ज्यांनी हे कधी केलं नसेल त्यांच्यासाठी सांगते. खरी सेटिंग्ज डॉक्युमेंट्समधल्या ‘माय गेम्स’ फोल्डरात असतात. तिथं ‘स्कायरिम’ आणि ‘स्कायरिमप्रेफ्स’ नावाच्या दोन छोट्या आयएनआय फाइली आहेत, साध्या नोटपॅडमध्ये उघडणाऱ्या. मी पहिल्यांदा अशी फाइल उघडली तेव्हा कन्नडमधला सरकारी फॉर्म समोर आल्यावर पप्पांचं होतं तसं माझं झालं होतं. पण फॉर्मसुद्धा एकेक ओळ लावत गेलं की सुटतो. चौकटी कंसात विभागाचं नाव, त्याखाली ओळी. डावीकडे सेटिंगचं नाव, मधे बरोबरचं चिन्ह, उजवीकडे आकडा. नावाचं पहिलं अक्षरच सांगतं की उजवीकडे काय चालेल. ‘आय’ असेल तर पूर्णांक, ‘एफ’ असेल तर दशांश, ‘बी’ असेल तर फक्त 0 किंवा 1, म्हणजे नाही किंवा हो. शब्दाच्या रूपावरून लिंग-वचन ओळखतो ना आपण, तसंच.

सावल्यांच्या नकाशाचा आकडा 2048 वरून 1024 वर आणला की त्याच्या दोन्ही बाजू निम्म्या होतात. म्हणजे ग्राफिक्स कार्डाला आधीच्या चौथा हिस्साच ठिपके काढावे लागतात. सावली थोडी फाटकी दिसते, पण खेळ पळतो. हॉस्टेलवर माझ्या लॅपटॉपवर मी हे दहा वेळा केलं होतं. त्यामुळे दादाच्या फाइली वाचत बसलेच नाही. दोन्ही सरळ डिलीट केल्या आणि सवयीनं रिसायकल बिनही रिकामं केलं. फाइली नसल्या की लाँचर कार्ड बघून नव्या कोऱ्या तयार करून देतो, हे मला ठाऊक होतं.

तशा त्या तयार झाल्या. नवा गेम लोण्यासारखा चालला. मावसभाऊ खूश. मग त्यानं दादाचा सेव्ह केलेला गेम उघडला आणि गेम धाडकन बंद पडला. परत उघडला, परत बंद. मी सेव्ह फाइलीवरची तारीख बघितली : 3 सप्टेंबर 2022. दादा घरातून निघायच्या तीन दिवस आधीची.

या सेमिस्टरला आम्हाला फादर स्टीफन्स यांचं ‘ख्रिस्तपुराण’ आहे. ते 1616 मध्ये गोव्यात राचोलला छापलं गेलं, पुढे आणखी दोन आवृत्त्या निघाल्या. पण या तिन्हींची एकही छापील प्रत आज सापडत नाही. कुणीकुणी हातानं उतरवून ठेवलेल्या पोथ्यांमुळे ते आपल्यापर्यंत आलं. प्रती जपण्याच्या महत्त्वावर मी परीक्षेत दोन पानं लिहून आले होते. आणि घरात भावाची एकुलती एक प्रत मीच पुसून टाकली होती.

दादाला मेसेज टाकला. जहाजावर इंटरनेट विकत घ्यावं लागतं, त्यामुळे उत्तर कधी येईल याचा नेम नसतो. दोन दिवस काहीच आलं नाही. चोवीस तारखेला मध्यरात्रीची मिस्सा संपवून घरी आलो आणि त्याचा फोन आला.

‘काय केलंस गं फायलीला?’

‘उडवली.’

‘कॉपी?’

‘नाही ठेवली.’

‘खुळी हाईस काय? साहित्याला हाईस म्हणे!’ आणि तो हसला.

मग त्यानं सांगितलं. मुख्य फाइलीत ‘जनरल’ या मथळ्याखाली त्यानं एक ओळ हातानं घातली होती : ‘यू-ग्रिड्स-टू-लोड’. या गेममधली जमीन चौकोनांत वाटलेली आहे. एक चौकोन सुमारे 58 मीटरचा. आपण मधल्या चौकोनात. आपल्याभोवतीचे पाच गुणिले पाच, म्हणजे 25 चौकोन पुरते जिवंत असतात; तिथली माणसं हलतात, प्राणी फिरतात. त्यापलीकडचं सगळं ढोबळ चित्र. आकडा नेहमी विषम, कारण आपल्याला मधोमध उभं राहायचं असतं. दादानं पाचाच्या जागी सात केले होते, म्हणजे 49 चौकोन, जवळजवळ दुप्पट ओझं. त्याच्याबरोबर ‘एक्स्टीरियर सेल बफर’ 36 चा 64 करावा लागतो : आकड्यात एक मिळवायचा आणि वर्ग करायचा. लाँचरमधलं लो-हाय या ओळीला हातच लावत नाही, म्हणून गेम लोवरही अडकत होता. आणि सातावर सेव्ह केलेला गेम पाचावर उघडला की कोसळतो.

‘आता पाचावर आणायचाच असंल तर आधी सातावर उघड. गेम चालू असतानाच फायलीत 5 आणि 36 कर. मग कन्सोलमधी रिफ्रेश-आयएनआय दे, थांब जरा, आणि वेगळ्या नावानं सेव्ह कर.’

मी सगळं वहीत लिहून घेतलं. मग विचारलं, ‘पण सात कशाला केलंस? एक जीबीचं तर कार्ड.’

तो थोडा थांबला. ‘जायच्या आधी म्हटलं, लांबचं नीट बघून घ्यावं. अडकत होतं, पर दिसायचं.’

दोन वर्षं जे विचारायचं राहिलं होतं ते माझ्या तोंडून तेव्हाच का निघालं, सांगता येत नाही. ‘दादा, डिप्लोमा सोडल्याचं वाईट वाटतं तुला?’

‘वाटतं की. कधीकधी रातीला लई वाटतं.’ मागं कुठेतरी भांड्यांचा आवाज येत होता. ‘तुझी फी भरताना न्हाई वाटत. त्ये येगळं.’

मी काही बोलायच्या आत फोन कट झाला. त्याचं नेट संपलं असावं.

नाताळच्या दिवशी दुपारी पाहुणे झोपल्यावर मी फाइलीत सात घातले, चौसष्ट घातले. सेव्ह उघडली. दादाचा माणूस उंच डोंगरावर, मठाकडे जाणाऱ्या सात हजार पायऱ्यांच्या वाटेवर बर्फात उभा होता. मी त्याला सावकाश फिरवलं. चित्र दर क्षणाला अडकत होतं, पण खालचा मुलूख लांबपर्यंत दिसत होता.

‘ताई, हे पण अडकतंय की. पाच कर.’

आधी दादाची सेव्ह आणि दोन्ही फाइली पेन ड्राइव्हवर घेतल्या, फोल्डरला तारीख दिली. मग वहीत बघत बघत मावसभावासाठी पाचावरची वेगळी सेव्ह करून दिली. दादाची आहे तशीच ठेवली.

डोंगरावरून दिसणाऱ्या त्या मुलखाचा फोटो काढून त्याला पाठवला. खाली लिहिलं, ‘दिसतंय.’ एक टिक आली. दुसरी यायला दोन दिवस लागले.