एक ‘न’ सुटला



आमच्या आत्यांना, म्हणजे सासूबाईंना, आता फारसं ऐकू येत नाही. कानाला यंत्र लावलं तरी मंदिरातल्या लाऊडस्पीकरचा नुसता गोंगाट होतो. म्हणून गेल्या चातुर्मासात मी प्रवचनाला वही घेऊन बसू लागले. घरी येऊन मोठ्या अक्षरात उतरवायचं आणि आत्यांना वाचायला द्यायचं.

पहिल्याच दिवशी फजिती झाली. बोलणारा मिनिटाला शंभराच्या वर शब्द बोलतो, आपला हात पंचवीस-तीसच लिहितो. कॉलेजात असताना मी टायपिंगच्या क्लासला जायची, तेव्हा काही मुली लघुलेखनही शिकायच्या. त्यांची सरकारी परीक्षा मिनिटाला ६०, ८०, १०० शब्द अशा वेगाची असे. आयझॅक पिटमन यांनी १८३७ साली इंग्लंडमध्ये काढलेल्या पद्धतीत ‘प’ची रेघ बारीक असते, तीच जाड केली की ‘ब’ होतो. स्वरांना टिंबं आणि बारक्या रेघा. हात बसला की त्याही बऱ्याचशा गाळायच्या. पण त्याला कित्येक महिने रोजचा सराव लागतो. स्वयंपाक, मुलांचे डबे सांभाळून ते कुठलं जमायला!

मग मीच खुणा ठरवल्या. आत्म्याला ‘आ.’, उपवासाला ‘उप.’, करण्याला ‘क.’. आत्यांना दाखवलं तर म्हणाल्या, “यात नवं काय? ‘असिआउसा’ म्हणजे तेच की. अरिहंत, सिद्ध, आचार्य, उपाध्याय, साधू. पाच अक्षरांत पाची परमेष्ठी.” खरंच की! पण ती पाच अक्षरं आपल्याला पुरतात, कारण पूर्ण णमोकार प्रत्येकीला पाठ असतो. माझ्या वहीतलं पूर्ण वाक्य मात्र कुणालाच पाठ नव्हतं. हे मला तेव्हा उमगलं नाही.

एकदा पाहुणे आले म्हणून दोन दिवसांचं उतरवायचं राहिलं. तिसऱ्या दिवशी वहीत दिसलं, ‘शक्ती नस. उप. क.’ मी उतरवलं, ‘शक्ती नसली तरी उपवास करावा.’

आत्यांना मधुमेह आहे. चतुर्दशीला त्यांनी पाणीही घेतलं नाही. दुपारी स्वयंपाकघराच्या दारात भोवळ येऊन खाली बसल्या. डॉक्टरांनी लगेच साखरेचं पाणी पाजायला लावलं. बरं वाटल्यावर आत्या रडल्या, त्या भोवळीने नाही, उपवास मोडला म्हणून. संध्याकाळी शेजारच्या काकू भेटायला आल्या. म्हणाल्या, “अहो, महाराज तर शक्ती नसेल तर उपवास करू नका म्हणाले होते. तप शक्तीप्रमाणेच.”

घाईत माझा एक ‘न’ सुटला होता.

मैत्रिणींनो, भरभर लिहिण्यात काय गाळायचं हे सोपं असतं, काय गाळायचं नाही ते आधी ठरवावं लागतं. आपली मोडीसुद्धा हात फार न उचलता भरभर लिहिण्याची लिपी. तिच्यात ऱ्हस्व-दीर्घाचा भेद पाळत नाहीत. लिहिणाऱ्याचं काम झटपट झालं, पण आज घरातला जमिनीचा जुना कागद वाचायला जाणकार शोधावा लागतो. लिहिताना वाचवलेला वेळ वाचणाऱ्याला भरावा लागतो.

आता माझे नियम असे आहेत. ‘नाही’, ‘नये’, ‘नको’ कधी तोडायचं नाही, पूर्ण लिहून लाल गोल करायचा. आकडे, तिथी, ग्रंथाचं नाव पूर्ण. एका खुणेला एकच शब्द, आणि खुणांची यादी वहीच्या पहिल्या पानावर. ओळीआड ओळ मोकळी सोडायची आणि त्याच रात्री, आवाज कानात आहे तोवर, भरून काढायचं. शंका राहिली तर तिथे प्रश्नचिन्ह. मनाने वाक्य पुरं करायचं नाही.

सगळं टिपलं जात नाही, हे खरंच. १९३२ साली धुळ्याच्या तुरुंगात विनोबांची गीतेवरची प्रवचनं साने गुरुजींनी हाताने लिहून घेतली, म्हणून ती आज आपल्याला वाचायला मिळतात. तेवढा हात आपला नाही. पण रोजची दहा वाक्यं नीट उतरली तरी घरातल्या एका म्हातारीचं प्रवचन होतं.

आत्या अजून माझ्याच वहीतून वाचतात. एका शब्दानेही बोलल्या नाहीत. फक्त वही हातात घेतली की चष्मा लावून आधी लाल गोल शोधतात.