आवाजाची विहीर

दोस्तांनो, समजा आवाज पाण्यासारखा पातळ झाला तर? हाक मारली की ओघळ, टाळी वाजवली की शिंतोडे! अशा जगाची थोडी चव घ्यायचीय? मग चला कर्नाटकात, विजापूरला. तिथला गोलघुमट म्हणजे १६५६ साली वारलेल्या महंमद आदिलशहाची कबर.

जिने चढून घुमटाच्या आतल्या गोल सज्जात या. भिंतीजवळ तोंड नेऊन हळूच कुजबुजा. समोर, सुमारे ३८ मीटरवर, भिंतीला कान लावून बसलेल्या ताईला ते ऐकू येतं! पन्हळीतून पाणी जावं तसा आवाज गोल भिंतीला धरून पुढे सरकतो. टाळी वाजवली तर ती पुन्हा पुन्हा ऐकू येते. दगड-चुन्याच्या कठीण भिंती आवाज फारसा शोषत नाहीत ना! त्याचा निचरा व्हायला वेळच लागतो.

पण सगळे एकदम ओरडले, की ही विहीर काठोकाठ भरते आणि बिचारी कुजबुज बुडून जाते. म्हणून तिथं गेलात, की आधी मिनिटभर गप्प उभे राहा. पलीकडून कुणीतरी तुमच्याशीच बोलत असेल!