एम.टेक. आणि माशाची डोकी

मटेरियल सायन्समध्ये एम.टेक. केलेल्या मुलाने काय करायचं असतं? पुण्यात ऑटो कंपनीत लागायचं, कोटिंगच्या जाडीचे रिपोर्ट काढायचे, अॅप्रेझलला भांडायचं आणि गणपतीत गावी गेल्यावर शेजाऱ्यांना पॅकेज सांगायचं. मी सहा वर्षं हे सगळं मनापासून केलं. लोखंडाला गंज चढू नये याचा मला पगार मिळायचा. आमच्या मालवणात या नोकरीचं महत्त्व कुणाला पटवावं लागत नाही. खिडकीचे गज, कोयंडे, स्कूटरचं मडगार्ड, खारा वारा कशालाच सोडत नाही.

मार्चमध्ये राजीनामा दिला. आता मी तारकर्ली-देवबागच्या होमस्टेवाल्यांना बायोगॅस विकायच्या मागे आहे.

‘सोलर का नाही?’ हा सगळ्यांचा पहिला प्रश्न. 2024 मध्ये ‘पीएम सूर्यघर’ आली, तीन किलोवॉटला 78 हजारांची सबसिडी मिळू लागली आणि पॅनेल बसवणारे जिकडेतिकडे दिसू लागले. छान आहे, जरूर बसवा. पण होमस्टेचं किचन अजून सिलिंडरवर चालतं. पाहुण्यांच्या ताटातलं उरलेलं खड्ड्यात जातं, नाहीतर कुत्र्यांना.

हा किडा डोक्यात सोडला तो कर्व्यांनी. डॉ. आनंद कर्वे म्हणजे महर्षी कर्व्यांचे नातू, इरावतीबाईंचे चिरंजीव. वनस्पतिशास्त्रज्ञ, पीएचडी जर्मनीतली. एवढा माणूस, आणि हात कशाला घातला? उसाच्या पाचटाला! तोड झाली की शेतकरी जे शेतातच पेटवून देतो, तेच पाचट. 1996 मध्ये सुरू झालेल्या ‘आरती’ या त्यांच्या संस्थेने ते बंद पिंपात तापवून त्याचा कोळसा केला. तापताना पाचटातून जो वायू निघतो, त्याच्यावरच भट्टी चालते. मग कोळशाच्या भुकटीत खळ मिसळून कांड्या पाडायच्या. 2002 मध्ये या कामाला ब्रिटनचा अॅशडेन पुरस्कार मिळाला. त्यांची मुलगी डॉ. प्रियदर्शिनी कर्वे भौतिकशास्त्रज्ञ. त्याही चुली आणि कोळशातच रमल्या आणि पुढे त्यांनी ‘समुचित एन्व्हायरो टेक’ ही कंपनी उभी केली. लॅबमधून थेट चुलीपाशी! आपल्याकडे याला प्रमोशन म्हणत नाहीत.

पण मला सॉलिड वाटलं ते आरतीचं दुसरं काम. त्यालाही 2006 मध्ये अॅशडेन मिळालं. फंडा असा, की शेण म्हणजे गाईने एकदा पचवून झालेला माल. गॅस करणाऱ्या जिवाणूंच्या वाट्याला येतं ते उरलंसुरलं. त्यापेक्षा त्यांना थेट शिळा भात, पेज, नासकी फळं द्या. थोडक्या मालात भरपूर गॅस, आणि तोही लवकर. प्लँट कसला, तर पाण्याच्या दोन प्लॅस्टिकच्या टाक्या, एकीत दुसरी उपडी घातलेली. गॅस जमला की वरची टाकी उचलली जाते.

आता हे मटेरियलवाल्याच्या नजरेने बघा. गोबर गॅसच्या जुन्या खादी-ग्रामोद्योग डिझाइनमध्ये वर लोखंडी ड्रम तरंगायचा आणि यथावकाश सडायचा. आमच्यासारख्यांनी त्यावर कोटिंग शोधलं असतं, मग त्या कोटिंगवर पेपर लिहिला असता. कर्व्यांनी हार्डवेअरच्या दुकानातली टाकी घेतली. विषय संपला.

देवबागला तर दुसरा पर्यायच नाही. एका बाजूला कर्ली नदी, दुसऱ्या बाजूला समुद्र, मध्ये वाळूची चिंचोळी पट्टी. थोडं खणलं की पाणी लागतं, मग जमिनीखाली खड्डा बांधणार कुठे? तिकडे झारापला डॉ. प्रसाद देवधरांच्या ‘भगीरथ प्रतिष्ठान’ने घरोघरी गोबर गॅस नेला. तिथे ते बरोबरच आहे, तिथे गोठे आहेत. देवबागात गुरांपेक्षा गेस्ट जास्त.

घरी मात्र वातावरण तंग आहे. बायको पुण्यात टेस्टिंगमध्ये आहे. फ्लॅटचा हप्ता तिच्या पगारातून जातो आणि माझं सेव्हिंग ताणून ताणून चौदा महिने पुरेल. ती काही बोलत नाही, आणि त्याचंच जास्त टेन्शन येतं. बाबा फोनवर फक्त पावसाचं बोलतात. आई थेट विचारते, “इतक्या शिकान आता लोकांचा खरकटा गोळा करतलस?” मे 2021 मध्ये तौक्ते वादळात मालवण कित्येक दिवस अंधारात होतं, तेव्हाही चूल पेटावी लागलीच ना, असं मी सांगून पाहिलं. ती म्हणाली, “पेटली मा? लाकडार पेटली.” यावर माझ्याकडे उत्तर नव्हतं.

पहिली ऑर्डर देवबागच्या एका काकींच्या खानावळीची. त्यांनी टाकी बघितली, ठोकून बघितली आणि एकच प्रश्न विचारला, “माशाची डोकी घातली तर गॅसाक वास मारतलो मा?”

प्रश्न अगदी नेमका होता. माशातल्या प्रथिनांत गंधक असतं, त्यातून हायड्रोजन सल्फाइड तयार होतो. सडक्या अंड्याचा वास येतो तो त्याचाच, आणि तो बर्नरही खातो. त्यावर स्वस्त इलाज म्हणजे गंज. गंजलेल्या लोखंडाच्या चुऱ्यातून गॅस सोडला की हायड्रोजन सल्फाइड त्यातच अडकतो.

म्हणून कुडाळच्या एमआयडीसीतून एका लेथवाल्याकडचा पोतंभर चुरा आणलाय. अंगणात पसरून त्यावर खारं पाणी मारलं. तिसऱ्या दिवशी मस्त तांबडा गंज चढला. आई तुळशीकडे जाताना पदर सावरून त्याला वळसा घालते.