तेरेझिनचा चित्रपट

प्रागहून निघालेली बस तासाभरात तेरेझिनला पोचते. उतरताच नजरेत भरतात त्या लाल विटांच्या तटभिंती. सम्राट दुसऱ्या जोसेफनं १७८० मध्ये हा किल्ला बांधायला घेतला आणि त्याला आपल्या आईचं, मारिया तेरेसाचं नाव दिलं. नोव्हेंबर १९४१ पासून नाझींनी याच तटांच्या आत ज्यूंना कोंडलं. सुमारे ३३ हजार माणसं इथेच भुकेनं, रोगराईनं गेली. ८० हजारांहून अधिक पूर्वेकडच्या छावण्यांत धाडली गेली.

घेटो संग्रहालयात नाझींनी इथे काढून घेतलेल्या प्रचारपटाचे तुकडे दाखवतात. बायका भाजीला पाणी घालताहेत, बराकीच्या अंगणात फुटबॉल रंगलाय, वरच्या मजल्यांवरून प्रेक्षक ओरडताहेत. छातीवरचा तारा सोडला तर सुखवस्तू गावच वाटावं. जून १९४४ मध्ये रेडक्रॉसची मंडळी पाहणीला येणार म्हणून ही रंगरंगोटी झाली होती; गर्दी दिसू नये म्हणून मे महिन्यातच साडेसात हजार जणांना आउशवित्झला पाठवलं. सजवलेलं गाव मग ऑगस्ट-सप्टेंबरमध्ये फिल्मवर उतरवलं गेलं.

दिग्दर्शनाला जुंपलं कुर्ट गेरॉनला. 'द ब्लू एंजल'मधला हा नावाजलेला नट तेव्हा इथलाच कैदी होता. कॅमेरे प्रागच्या 'आक्टुअलिटा' कंपनीचे. झेक थिएटरांना बातमीपट पुरवणारी ही कंपनी. तिच्या कसलेल्या माणसांनी उजेड आणि चेहरे अचूक टिपले आहेत. मला सगळ्यात जास्त त्रास झाला तो या सफाईचा.

एका दृश्यात कारेल आन्चेर्ल हा कैदी वाद्यवृंदाचं संचालन करतो. वाजवून संपतं आणि सुटातला एक माणूस पुढे येऊन वाकून अभिवादन करतो. तो पावेल हास, त्या रचनेचा कर्ता. वादकांचं कसब खरं आहे, म्हणूनच हे दृश्य पाहवत नाही. चित्रीकरण आटोपून तीन आठवडेही झाले नव्हते, तोच गाड्या सुटू लागल्या. २८ सप्टेंबर ते २८ ऑक्टोबर या महिन्यात १८ हजारांवर माणसं गेली. त्यात हास होता आणि शेवटच्या गाडीत गेरॉन. दोघेही आउशवित्झमध्ये मारले गेले. चित्रपट पुरा झाला मार्च १९४५ मध्ये, गेरॉनशिवाय.

पुढच्या कम्युनिस्ट राजवटीनंही या गावाची कथा आपल्याला हवी तशीच सांगितली. तेरेझिनच्याच छोट्या गढीत कोंडलेल्या राजकीय कैद्यांचा गौरव झाला, ज्यूंचा घेटो मागे ढकलला गेला. मी ज्या इमारतीत बसून चित्रपटाचे तुकडे पाहिले, त्या जुन्या शाळेत तेव्हा पोलिसांचं संग्रहालय थाटलं होतं. घेटो संग्रहालय उघडलं ते १९९१ मध्ये.

आन्चेर्ल मात्र वाचला. युद्धानंतर त्याला हासच्या त्या रचनेचे वादकांचे कागद तेरेझिनमध्ये सापडले, फक्त डबल बासचे नव्हते. तेवढा भाग नव्यानं लिहून रचना पुन्हा उभी केली गेली, आणि आज ती जगभरचे वाद्यवृंद वाजवतात.