पुस्तकाचा शेजार

गेल्या दिवाळीनंतर माझा उजवा हात थरथरायला लागला. पुस्तकाच्या पाठीवर बोधांक लिहिताना आठाचा आकडा जुळत नाही आणि दशांश चिन्ह भलतीकडे पडतं. दशांश चिन्ह चुकलं की पुस्तक गेलं, हे ग्रंथालयात काम केलेल्या कुणालाही सांगायला नको. म्हणून आता मी वर्गांक तोंडी सांगतो आणि ग्रंथालयशास्त्र शिकून आलेली एक मुलगी तो लिहिते, संगणकात चढवते. तिचं अक्षर माझ्याहून चांगलं आहे. माझ्या अक्षराचा मला फार अभिमान होता, त्यामुळे हे मान्य करायला दोन महिने गेले.

हाताने लिहीत होतो तेव्हा मला कुणी काही विचारत नव्हतं. आता मी आकडा सांगतो, ती पेन थांबवते आणि विचारते, "सर, इथेच का?"

बत्तीस वर्षं मी हा प्रश्न मनातल्या मनात मिटवत आलो, निदान इतिहास, भूगोल आणि धर्म या तीन कपाटांपुरता. कादंबऱ्यांनी मला कधी छळलं नाही, विज्ञानानेही नाही. पण नाशिकवरचं पुस्तक हातात आलं की ही तिन्ही कपाटं त्याच्यावर हक्क सांगतात. ड्यूईच्या दशांश पद्धतीत हिंदू धर्म 294.5, भारतातला प्रवास 915.4, भारताचा इतिहास 954. आमच्या गंगेवर, म्हणजे गोदावरीवर, मात्र हे असं वेगळं करता येत नाही. धरणातून किती क्युसेक पाणी सोडलं हे वर्तमानपत्र छापतं, पण घरातली म्हातारी विचारते ते नदीपात्रातल्या दुतोंड्या मारुतीचं. कमरेला लागलं का? छातीशी आलं का? त्या मारुतीवर उद्या कुणी पुस्तक लिहिलं, तर ते देवाचं की नदीचं?

गोडसे भटजींचं 'माझा प्रवास' मी तीनदा हलवलं. वरसईचा भिक्षुक, यज्ञात दक्षिणा मिळेल म्हणून 1857 साली उत्तरेकडे निघतो, झाशीच्या वेढ्यात अडकतो आणि शेवटी गंगेची कावड घेऊन घरी येतो. प्रवासात ठेवलं तर बंडाचा अभ्यास करणाऱ्याच्या हाताला ते लागत नाही. इतिहासात ठेवलं तर शेजारच्या लढायांच्या जाडजूड ग्रंथांत तो दक्षिणेसाठी वणवण करणारा ब्राह्मण दिसेनासा होतो. सध्या ते प्रवासात आहे. मला अजून पटलेलं नाही.

पांडवलेण्यांचं तर त्याहून अवघड. नावातच पांडव, आत बुद्ध. दहाव्या लेण्यात नहपानाचा जावई उषवदात याचा लेख आहे. त्याने संघाला लेणं दिलं, हा झाला धर्म. नद्यांवर फुकट नावा ठेवल्या, त्यात तापी आहे, दमण आहे, डहाणू आहे, हा भूगोल. आणि तीन हजार कार्षापणं गोवर्धनातल्या कोष्ट्यांच्या श्रेणींकडे ठेव म्हणून ठेवली, दोन हजार शेकडा एक दराने, एक हजार शेकडा पाऊण दराने. वा. वि. मिराशींनी सातवाहन आणि क्षत्रपांचे लेख मराठीत आणून ठेवले, तेव्हापासून तो ग्रंथ आमच्याकडे इतिहासात आहे. पण व्याजाचा तो दर वाचला की मला दर वेळी वाटतं, हे पान उचलून सहकारी बँकांच्या पुस्तकांजवळ नेऊन ठेवावं.

ड्यूईवर माझा राग आहे तो जागेच्या वाटपाचा. धर्माच्या दोनशे ते दोनशे नव्याण्णव आकड्यांत 220 ते 280 ख्रिस्ती धर्माला, आणि बाकी जगाचे सगळे धर्म 290 च्या दशकात दाटीवाटीने. म्हणून आमचे आकडे लांबतात. सिंहस्थ आला की बत्तीस पानांच्या पुस्तिकांचा लोंढा येतो, स्नानाच्या तिथी, आखाडे, रामकुंडापासून त्र्यंबकपर्यंतच्या वाटा. आठ आकड्यांचा वर्गांक, आणि तो लिहायला पुस्तिकेला पाठच नाही. तरी मी लांब वर्गांक काढत राहिलो, कारण मला ते यायचं. दुसऱ्या वाचनालयांतले लोक फोन करून विचारायचे, मला ते आवडायचं. खरं तर वाचकाला त्या शेवटच्या चार आकड्यांचा काडीचा उपयोग नव्हता.

आताची पद्धत मला त्याहूनही वाईट वाटते. मोठ्या ग्रंथालयाच्या तालिकेतून आकडा उचलायचा, चिकटवायचा, पुस्तक उघडायचंही नाही. त्र्यंबकच्या खडकांवरचं आणि झऱ्यांवरचं पुस्तक केवळ नावात ज्योतिर्लिंग आलं म्हणून स्तोत्रांत बसलेलं मी पाहिलं आहे. हे काम नव्हे.

पण चुकीचा दोष दुसऱ्यांवर टाकून मला सुटता येणार नाही.

पंधरा-सोळा वर्षं झाली असतील. एक म्हातारे गृहस्थ आले, धुतलेला पांढरा सदरा, हातात कापडी पिशवी. काळाराम मंदिराच्या सत्याग्रहावरची पुस्तिका मागितली. 2 मार्च 1930 ला तो सत्याग्रह सुरू झाला, बाबासाहेबांच्या नेतृत्वाखाली, इथे दादासाहेब गायकवाडांनी तो वर्षानुवर्षं लढवला. मी त्यांना कपाटाशी नेलं. पुस्तिका मी तीनशेत, सामाजिक विषयांत घातली होती. एका बाजूला हुंडा, दुसऱ्या बाजूला व्यसनमुक्ती, वर पट्टी, 'सामाजिक समस्या'. ती पट्टी माझ्याच हाताची, टाकाने लिहिलेली.

त्यांनी पट्टी वाचली. म्हणाले, "साहेब, माझा बाप तिथं दारात उभा होता. तो काय समस्या होता का?"

मी त्यांना दहा मिनिटं वर्गीकरण समजावून सांगितलं. जात हा विषय तीनशेत येतो, हे नियमाला धरून आहे, सगळं सांगितलं. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं, पुस्तिका होती तिथे सरळ ठेवली आणि गेले. मी तो आकडा बदलला नाही. नियमाप्रमाणे बरोबर होता आणि मी काढलेला होता, म्हणून बदलला नाही.

या फेब्रुवारीत तीच पुस्तिका संगणकात चढवायला निघाली आणि मुलीने पेन थांबवलं. "सर, इथेच का?" मग तिनेच सुचवलं, तालिकेत धर्म, समाज, इतिहास असे तिन्ही विषय टाकू, कुठल्याही शब्दाने सापडेल. सापडेल, खरं आहे. पण आमच्याकडे येणारे कितीतरी जण शब्द घेऊन येत नाहीत. ते कपाटासमोर उभे राहतात, मान वाकडी करून पाठी वाचत जातात, आणि शेजारी जे असेल ते उचलतात. शेजार मी ठरवतो.

आम्ही पुस्तिका घेऊन धर्माच्या कपाटाशी गेलो. तिथे ठेवून पाहिली. एका बाजूला रामकथेचे खंड. त्याच फळीवर डावीकडे बौद्ध धर्म, 294.3, मधे जैन धर्माची चार पुस्तकं. त्या देवळाच्या दारापासून 1935 च्या येवल्याच्या धर्मांतराच्या घोषणेपर्यंत, आणि तिथून 1956 च्या नागपूरपर्यंतची वाट आमच्या फळीवर वीतभर भरते. मी बराच वेळ तिथे उभा होतो.

शेवटी ती इतिहासात गेली, 954 मध्ये, नाशिकच्या पुस्तकांत. उरलेल्या दोन जागी डमी ठेवायच्या ठरल्या. जुन्या फळीच्या दोन पट्ट्या मी कापून घेतल्या, घासल्या. कागद मुलीने चिकटवला आणि तिच्या अक्षरात लिहिलं, 'काळाराम मंदिर सत्याग्रह, इतिहासात पाहा'. एक पट्टी रामकथेशेजारी उभी आहे. दुसरी तीनशेत. तिथली वरची पट्टी मी स्टुलावर चढून स्वतः उतरवली.