लहान भूमिकेचा थोर नट

वार्षिक संमेलनाचे दिवस जवळ आले म्हणजे नाटकांतील भूमिका वांटण्याचें काम आम्हां शिक्षकांस मोठें नाजूक वाटतें. राजा होण्यास सारेच सिद्ध असतात. राजाचा सेवक होण्यास मात्र कोणी पुढें येत नाहीं. अशा वेळीं मला हंगेरियन नट सोके साकाल ह्याची आठवण होते.

त्याचा जन्म १८८३ सालीं बुडापेस्ट शहरीं एका यहुदी कुटुंबांत झाला. तरुणपणींच तो रंगभूमीसाठीं विनोदी प्रवेश लिहूं लागला व त्यासाठीं त्यानें हें टोपणनांव घेतलें. त्याचा अर्थ ‘सोनेरी दाढी’ असा आहे. पुढें व्हिएन्ना व बर्लिन येथें त्यानें कीर्ति मिळविली. परंतु १९३३ सालीं जर्मनींत हिटलर सत्तेवर आला आणि त्यास तो देश सोडावा लागला. युरोपावर युद्धाचे ढग दाटूं लागले, तेव्हां त्यानें मायभूमीचाही निरोप घेतला. १९४० सालीं हॉलिवुडच्या चित्रपटांत तो प्रथम दिसला, तेव्हां त्याचें वय सत्तावन्न वर्षांचें होतें. ज्या वयांत माणूस विश्रांतीचा विचार करितो, त्या वयांत त्यानें परक्या भाषेचा ओनामा गिरविला!

नायकाची भूमिका तेथें त्यास मिळण्यासारखी नव्हतीच. गुबगुबीत गाल, स्थूल देह व अडखळतें इंग्रजी, एवढेंच त्याचें भांडवल. भांबावून दोन्ही तळहात गालांवर मारून घेण्याची त्याची लकब प्रेक्षकांस फार आवडे. १९४२ सालच्या ‘कासाब्लांका’ ह्या विख्यात चित्रपटांत तो कार्ल नांवाचा मुख्य वाढपी झाला. आरंभीं ही भूमिका घेण्यास त्यानें नकार दिला होता. पण आज जगांत त्याची ओळख राहिली आहे ती तिच्यामुळेंच. चित्रपटांत अमेरिकेस निघालेलें एक वृद्ध जोडपें त्याला आपलें नवें इंग्रजी मोठ्या अभिमानानें बोलून दाखवितें. किती वाजले, एवढें साधें वाक्यही त्यांना धड जुळवितां येत नाहीं. कार्ल त्यांना हंसत नाहीं कीं चूक दाखवीत नाहीं. तुमचें तेथें उत्तम चालेल, असा धीर देतो. सोबत्याच्या इंग्रजीस वर्गांत हंसणाऱ्यांनीं हा प्रसंग ध्यानांत ठेवावा.

असा धीर देणारा हा नट स्वतःच निर्वासित होता. मागें राहिलेल्या त्याच्या तिन्ही बहिणी नाझींच्या छळछावण्यांत मरण पावल्या. तरीही युद्धानंतर अनेक वर्षें तो लोकांस हंसवीत राहिला. कोणी म्हणेल, तो दुःख विसरला असावा. मला तसें वाटत नाहीं. १९५४ सालीं प्रसिद्ध झालेल्या आत्मचरित्राच्या नांवांतच त्यानें आपल्या आयुष्यावरील तीन सत्ता सांगितल्या: सम्राट फ्रान्सिस जोसेफ, हिटलर आणि चित्रपटांचे मालक वॉर्नर बंधू! जो विसरतो, त्याला असा विनोद सुचत नाहीं. पुढच्याच वर्षीं, १९५५ सालीं, तो निवर्तला.

तेव्हां विद्यार्थिमित्रांनो, पात्रांच्या यादींत तुमचें नांव शेवटीं आलें, तर खट्टू होऊं नका. आणि पालकहो, आपला मुलगा रंगमंचावर केवळ तबक घेऊन येणार असेल, तरी त्याला पाहावयास अवश्य या. तें तबक तो कसें आणतो, ह्यावरही त्याची परीक्षा होत असते.